पाठमोरे फादर

आमच्या फादरांचा चेहरा मला नीट आठवत नाही, पाठ मात्र शंभर माणसांतून ओळखेन. उंच, जराशी डावीकडं कललेली, आणि झग्याला उजव्या खांद्यापाशी लावलेलं ठिगळ. याचं कारण असं, की हा माणूस कुणाच्या समोर म्हणून उभा राहत नसे. कुणी काही द्यायला लागलं की पाठ करायचे, कुणी काही ठेवायला आलं की पाठ करायचे. पहिल्यांदा बघणाऱ्याला वाटे, काय हा शिष्ट पाद्री! मलाही वाटलं होतं. नवी नवरी होते, मला काय कळत होतं!

ते मूळचे कुठल्या देशाचे, हे आम्हाला कधी कळलं नाही. आमच्या कोरेगाव भागात येण्याआधी त्यांनी कवठे महांकाळच्या माळावर मेंढपाळांत बरीच वर्षं काढली होती आणि मराठी तिथंच उचलली होती. त्यामुळं गोरापान रंग, तांबडी दाढी, गळ्यात क्रूस, आणि तोंड उघडलं की, "काय गड्या, लय दिसानं?" एकदा कुणी अंमलदार त्यांच्याशी इंग्रजीत बोलायला लागला, तर म्हणाले, "आवं सायेब, हितं समदी मराठी बोलत्यात. पोरं भ्यायची." त्यांच्या अनाथाश्रमातल्या पोरांना जेवायला बोलवायचे तेसुद्धा मेंढरांना घालतात तसली हाळी घालून. पोरं दुडुदुडु धावत यायची आणि वाटेनं जाणारे हसायचे.

आश्रम गावाबाहेर माळावर होता. लांबट कौलारू घर आणि ओसरीवर एक पाळणा. पाळण्यात कधी कुणी झोपलेलं नसे. तो येणाऱ्यासाठी मोकळा ठेवलेला असे. फादर रोज दुपारी ओसरीवर पुस्तक घेऊन बसायचे, तेही पाळण्याकडं पाठ करून. मागं कुणाची पावलं वाजली, काही ठेवल्याचा आवाज आला, तरी ते वळायचे नाहीत. पावलं लांब गेली की मगच उठायचे आणि मूल आत न्यायचे. गावात यावर बोलणं व्हायचं, पण हळू आवाजात. पारावर बसून मोठ्यानं बोलायचं ते दुसरंच, की पाद्री पोरं बाटवतो. एकदा कुणीतरी ते तोंडावर विचारलं. फादर म्हणाले, "तुमी घरी ठिवून घ्या की. मग मी कशाला बाटवतोय?" त्यानंतर पारावरही आवाज खाली आला.

माझे सासरे तात्या म्हणजे गावातलं बडं प्रस्थ. ऊस होता, शाळू होता, दोन मुलगे पलटणीत होते. सुगीत आमच्या खळ्यावर रास पडली, की वर्षभर गावाचं काम करणारे आपापलं बलुतं न्यायला यायचे. आधी सुतार-लोहार, मग न्हावी-परीट, त्यांच्यामागं लांब उभे राहिलेले महार-मांग. माझ्या लग्नाच्या पहिल्याच सुगीत या रांगेच्याही शेवटी फादर झोळी घेऊन उभे राहिले. मी न्याहारी घेऊन खळ्यावर गेले होते.

"मालक, माजं बलुतं," ते म्हणाले.

तात्यांना चेष्टेचा भारी नाद. ते म्हणाले, "आवं फादर, सुतार नांगर करतोय, न्हावी डोई करतोय. तुमी वो गावाचं काय काम करताय?"

खळं हसलं. फादरही जरा हसले असावेत. म्हणाले, "म्या गावाची पोरं संबाळतो, मालक."

हसणं जागच्या जागी थांबलं. बैलांच्या गळ्यातल्या घंट्या तेवढ्या वाजत राहिल्या. तात्यांनी पायली भरली आणि फादरांनी झोळीचं तोंड धरून मान डोंगराकडं वळवली. किती पडतं ते त्यांनी पाहिलं नाही.

त्या वर्षापासून प्रत्येक खळ्यावर त्यांना एकच पायली मिळायला लागली. कमी नाही, जास्त नाही. गंमत वाटेल, पण कारण साधं होतं. जास्त घालावी तर लोक म्हणणार, याचं कुणीतरी तिथं आहे. काहीच न द्यावं तरी तेच म्हणणार. भरल्या राशीपुढं उभी असलेली आमची मोठमोठी माणसं त्या एका पायलीनं आपली अब्रू राखत होती, आणि त्या माळावर तोंडं वाढतच होती.

मग आमच्याच घरावर वेळ आली. माझ्या नणंदेचा नवरा लढाईत कामी आला होता आणि त्या माहेरी येऊन राहिल्या होत्या. वन्संना दिवस गेले. कुणापासून, ते त्यांनी आईलाही सांगितलं नाही. त्यांना लांबच्या मावशीकडं ठेवलं, आजारी आहे म्हणून चार लोकांत सांगितलं, आणि मूल झाल्यावर तात्या स्वतः गाडी जुंपून गेले. कुणाला बरोबर घेतलं नाही. भर दुपारी त्यांनी ते गाठोडं पाळण्यात ठेवलं. फादर पाठमोरे वाचत बसले होते. तात्या वळले, तेव्हा पुस्तकातून मान वर न काढता फादर एवढंच म्हणाले, "बैलास्नी पानी पाजून जावा. ऊन लय हाय."

हे तात्यांनी फक्त सासूबाईंना सांगितलं आणि सासूबाईंनी मला. तात्या बैलांना पाणी न पाजताच आले होते. पुढं कितीतरी दिवस त्यांनी कुणाची चेष्टा केली नाही.

त्यानंतर फादरांची आणखी एक सवय माझ्या ध्यानात आली. झोळीत पायली पडत असताना ते डोंगराकडं तोंड करून मोठ्यानं बोलायचे. "यंदा गोवर आला हुता. समदी पोरं उठली." "धाकली चौघं चालाय लागली." "एक पोरगं लय द्वाड हाय, झाडावनं खालीच येत न्हाई." नाव कुणाचं नाही, की नजर कुणाकडं नाही. रास उफणायला आलेल्या बायांमधल्या जिला जे हवं ते तिनं उचलावं. वन्संच्या हातातलं सूप त्या वेळी थांबलेलं असायचं. झाडावर चढणारं पोरगं आपलंच, असं त्यांनी ठरवून टाकलं होतं. मला ते दिसत होतं. शेजारी उभी राहून मी सुगीमागून सुगी ते पाहिलं आणि घरी येऊन त्यांच्याशी भाजीपाल्याचं बोलले. पोराचा विषय एकदाही काढला नाही. आम्ही याला मर्यादा म्हणत होतो. आता त्या मर्यादेचीच लाज वाटते.

फादरांची शेवटची सुगी आली तेव्हा त्यांचे पाय सुजले होते. कुणाच्या तरी गाडीतून ते आले आणि खळ्याच्या कडेला लिंबाखाली गाडीतच बसून राहिले. रांगेच्या शेवटी झोळी घेऊन सहा-सात वर्षांचं एक पोर उभं राहिलं. फादरांनी त्यालाच का पाठवलं, मुद्दाम की सहज, ते मला सांगता येणार नाही. पण पोर उभं कसं होतं! एका पायावर, दुसऱ्या पायाचा तळवा पोटरीला टेकवून. आमचे तात्या असेच उभे राहायचे, माझा नवरा असाच उभा राहायचा, आणि त्या क्षणी रास मोजणारे तात्याही तसेच उभे होते.

"मालक, माजं बलुतं," पोर म्हणालं. कुणीतरी पढवलेलं होतं, घडाघडा म्हणालं.

तात्यांनी पाय खाली टेकला. साऱ्या खळ्यानं तोंडं फिरवली. कुणी बैलांकडं बघायला लागलं, कुणी आभाळाकडं. तात्यांनी पायली भरली, झोळीत ओतली. थोडे दाणे भुईवर सांडले, ते पोरानं वेचून घेतले. आणि ते जायला वळलं.

"थांब रं," वन्सं म्हणाल्या.

त्यांनी सूप खाली ठेवलं आणि तात्यांच्या हातातून पायली काढून घेतली. तात्यांनी ती सोडली. वन्संनी शीग लावून, वर ढीग येईल अशी ती भरली आणि सगळ्या गावादेखत पोराच्या झोळीत ओतली.

"ती बलुत्याची. ही तुजी हाय," त्या म्हणाल्या. मग खाली वाकून विचारलं, "नाव काय रं तुजं?"

"लुका."

"लुका," वन्सं म्हणाल्या.

मी लिंबाखाली पाहिलं. फादरांनी मान वळवली नव्हती. ते गाडीतून सरळ वन्संकडं बघत होते, आणि त्यांचे ओठ हलत होते. त्यांना समोरून पाहिल्याचं आठवतं ते तेवढंच, आणि तेव्हाही माझ्या डोळ्यांत पाणी होतं.

उन्हाळा सरायच्या आत फादर गेल्याचं कळलं. सकाळी गावभर बातमी झाली, आणि बातमी झाली तशी दारं लोटली गेली. मातीला कोण जाणार? जो जाईल त्याच्याकडं बोट दाखवलं जाणार. पायलीचाच हिशेब होता तो, एवढ्या वर्षांत सगळ्यांना पाठ झालेला. आमच्याही घरात कुणी जागचं उठलं नाही. वन्संनी मात्र लुगडं बदललं, चपला घातल्या आणि भर दुपारी, गावातल्या मोठ्या रस्त्यानं त्या माळाकडं चालायला लागल्या.

तात्या सोप्यात बसले होते. ते उठले, पटका बांधला, आणि गाडी जुंपली. त्याआधी त्यांनी बैलांना पाणी पाजलं. रस्त्यात वन्संना गाठून त्यांनी गाडी थांबवली. दारातून मला ऐकू आलं, "बस गाडीत, पोरी. ऊन लय हाय."

मी उंबऱ्याच्या आत होते. मीही निघायला हवं होतं. पाय निघाला नाही, हे खरं तेच सांगते. पुढं गाडी पुन्हा थांबली. मग आणखी थोड्या अंतरावर पुन्हा. कुठल्या तरी दाराची कडी निघाल्याचा आवाज आला, बांगड्या वाजल्या, कुणीतरी गाडीत चढलं.

वेशीपर्यंत गाडी तीन-चारदा तरी थांबली असेल. कोण कोण चढलं, ते आजवर मला पुष्कळांनी विचारलं आहे. मला ठाऊक नाही. मी रस्त्याकडं पाठ करून उभी होते.