पाहुण्याचा पहिला चेंडू

१. मुरुडच्या मैदानावर अलिबाग संघाचे कर्णधार बापूसाहेब वकील पहिल्याच चेंडूवर पायचीत झाले.
२. पंच क्रॅडॉकसाहेबांनी बोट वर केले.
३. बापूसाहेब गेले नाहीत.
४. बोट खाली आले नाही.
५. माघात अलिबागला होणाऱ्या परतीच्या सामन्याला दुसरा पंच आणावा, असे बापूसाहेबांचे म्हणणे आहे.

घडले ते एवढेच. बाकीचे प्रवासवर्णन आहे. मुरुडला जाऊ इच्छिणाऱ्यांना उपयोगी पडावे.

आम्ही क्रिकेट पाहायला निघालो नव्हतो. मुरुडच्या क्रिकेट मंडळाला आपले मैदान समुद्राकडे किती उतरते ते मोजून हवे होते. माझे वडील सर्व्हेअर, पण त्यांची कंबर धरली होती. लेव्हल लावायला त्यांनीच मला शिकवले आणि नकाशाची परीक्षाही मी दिली आहे, म्हणून मी गेले. मी एकटीने जाऊ नये म्हणून धाकटा भाऊ वसंत बरोबर आला. तो कॉलेजच्या संघात यष्टिरक्षक आहे. मुरुडचा यष्टिरक्षक गलबतावर गेला होता, म्हणून वसंताचे स्वागत माझ्यापेक्षा जोरात झाले.

भाऊच्या धक्क्यावरून सकाळी बोट रेवसला जाते. पुढे बसले तर भिजायला होते, मागे बसले तर धूर खावा लागतो. मी भिजले आणि यंत्राची पेटी मागे ठेवली. ती पाहून खलाशाला राहवेना.

"ताय, बाजाची पेटी हाय ना? वाजव की जरा."

"जमिनीचा चढउतार मोजायचं यंत्र आहे."

"मंग दर्यात कशाला आनलंस?"

रेवसहून मोटार अलिबागवरून रेवदंड्याला जाते. भरल्याशिवाय ती सुटत नाही, आणि ती भरली असे ड्रायव्हरला सहसा वाटत नाही. भाडे बसण्यापूर्वी ठरवावे. रेवदंड्याची खाडी तरीने ओलांडायची असते. ओहोटीला ही होडी चिखलात बसते, तेव्हा भरतीची वेळ अलिबागलाच विचारून घ्यावी. आम्ही विचारली नव्हती. म्हणून वाळत घातलेल्या बोंबलांशेजारी, ट्रंकेवर बसलेल्या एका म्हाताऱ्या इंग्रजाजवळ थांबावे लागले. हेच क्रॅडॉकसाहेब. तेही मुरुडलाच निघाले होते.

ते विलायतेत एका परगण्याकडून पगारी गोलंदाज होते. तिकडे पगार घेणारे आणि शौकाने खेळणारे असे दोन वर्ग असून मैदानावर उतरण्याची दारेही वेगळी असतात, असे त्यांनी सांगितले. मला नवल वाटावे अशी त्यांची अपेक्षा असावी. मला वाटले नाही. पुढे उजव्या हाताची तर्जनी सांध्यात आखडली, चेंडू वळेना, तेव्हा ते पंच झाले.

"जे बोट निकामी झालं, तेच वर करायची नोकरी मिळाली," ते म्हणाले.

ती नोकरीही टिकली नाही. पंचांना गुण कर्णधार देतात, आणि एका उमरावाच्या मुलाला, जो स्वतः कर्णधार होता, त्यांनी पहिल्याच चेंडूवर बाद दिले. पुढच्या हंगामात त्यांना कोणी बोलावले नाही. आता हिवाळ्यात मुंबईचा एक क्लब त्यांना बोलावतो आणि आसपासच्या सामन्यांना पाठवतो. कुठून तक्रार आली तर तेही बंद होईल.

"मग इकडे सांभाळून असाल," मी म्हटले.

"हो. इकडे लोक फार सभ्य आहेत," ते म्हणाले, आणि खिशातले सहा खडे मोजून पाहिले. चेंडू पडला की एक खडा डाव्या खिशातून उजव्या खिशात जातो. सहाही गेले की षटक संपते.

मुरुडला आम्ही मावशीकडे उतरलो. ज्यांना मुरुडला मावशी नाही त्यांनी आधी पत्र घालून सोय करावी. सुरमईचे कालवण आणि तांदळाची भाकरी कुठेही चांगली मिळते.

सामन्याच्या सकाळी मी मैदानाच्या कडेला, खेळपट्टीच्या रेषेत लेव्हल लावली होती. पलीकडच्या यष्टींशी धरलेली पट्टी वाचून होते तोच नाणेफेक झाली. मी पेटी आवरण्याआधीच बापूसाहेब फलंदाजीला आले आणि मुरुडच्या धर्मा कोळ्याने पहिला चेंडू टाकला. तो मी दुर्बिणीतूनच पाहिला. वसंत बाद मागत ओरडला. बोट वर झाले.

वर झाले म्हणजे, सांध्यापर्यंत वर झाले. पुढे ते काटकोनात वळून माडाकडे रोखलेले होते.

"साहेब माड दाखवतायत," बापूसाहेब म्हणाले आणि जागचे हलले नाहीत.

धर्मा वसंतावर धावला. "तू कशाला वरडलास? टाकनारा मी. मी बोललो का काय?"

मुरुडचे कर्णधार हसनमिया कपाळाला हात लावून आले. "या अल्ला! वसंतभाऊ, पहिला चेंडू पाहुण्याचा असतो. त्याच्यावर आपल्याकडं कुणी ओरडत न्हाय. माझ्या वालिदांच्या वेळेपासून."

"मला कुणी सांगितलंच नाही!"

"असं सांगावं लागतं काय? आल्या पाहुण्याला उंबऱ्यातून परत लावतोस तू?"

हसनमियांनी साहेबांना विनवले की आम्ही ओरडलोच नाही असे समजा. साहेब म्हणाले, "पण तो बाद आहे." बोट वरच होते.

तेवढ्यात वसंताने माझ्याकडे हात केला. "ताईनं पाहिलंय! दुर्बिणीतून!"

बापूसाहेब बॅट काखेत मारून आले. "काय पाहिलंत, बाई?"

"चेंडू मधल्या यष्टीसमोर डाव्या पायाला लागला."

"जरा बघू." त्यांनी डोळा लावला. मी दुर्बीण फिरवून साहेबांवर आणली. बापूसाहेब एकदम उभे राहिले. "माणसं उलटी दिसतात!"

"सर्व्हेच्या दुर्बिणीत उलटीच दिसतात. डावं-उजवंही उलटं. ते धरूनच सांगितलं."

"म्हणजे या यंत्रात साहेबांचं बोट खाली आहे." ते प्रेक्षकांकडे वळले. "साक्षीदाराच्याच यंत्रात मी नाबाद आहे!"

टाळ्या पडल्या. मुरुडकरांनीच जास्त वाजवल्या.

मग साहेब म्हणाले, "त्यांना हवं तेवढं खेळू द्या," आणि बोट खिशात घातले. बापूसाहेब खेळू लागले. धर्माने सहा चेंडू टाकले, मग आणखी सहा. षटक संपेना.

"सायेब, वोव्हर?" धर्माने विचारले.

"एकच चेंडू झाला आहे," साहेब म्हणाले. उजव्या खिशात एकच खडा होता. बाद झालेल्या माणसाला टाकलेला चेंडू चेंडूच नव्हे, म्हणून बाकीचे पाच डाव्या खिशातून हलत नव्हते. धावाही मांडल्या जात नव्हत्या. बापूसाहेब आधी चौके मारत होते, मग धावेनासे झाले, मग बॅटला टेकून उभे राहिले. धर्मा तर खाली बसूनच चेंडू पुसत होता.

"वकीलसाब," तो म्हणाला, "तुमच्या पाया पडतो. माझा खांदा गेला."

बापूसाहेबांनी आभाळाकडे पाहिले. "ऊन फार आहे," ते सर्वांना ऐकू जाईल असे म्हणाले आणि तंबूकडे चालू लागले. पुढचा फलंदाज आला, चेंडू पडला आणि दुसरा खडा हलला.

जेवताना हसनमियांनी बापूसाहेबांना सर्वांत मोठी तुकडी वाढली. ती खाऊन झाल्यावर त्यांनी दुसऱ्या पंचाची मागणी केली. संध्याकाळी मी यंत्र आवरत होते तेव्हा साहेब आले आणि वाकून एकदा दुर्बिणीतून पाहून गेले. तंबूत उलटे बसलेले बापूसाहेब पाहून ते बराच वेळ हसत होते.

मुंबईला परतल्यावर मैदानाचा आराखडा मंडळाला पाठवला. मैदान समुद्राकडे उतरते, पण मुरुडकर सांगतात तितके नाही. पेटी पुसताना तळाशी एक खडा सापडला. साहेब वाकले तेव्हा खिशातून पडला असावा. खडा साधाच आहे, विलायतेचा म्हणून वेगळा दिसत नाही. पण त्यांच्याकडे आता पाचच उरले आहेत.

बापूसाहेब हे मासिक घेतात, असे मावशीकडून कळले. त्यांना उन्हाबद्दल काही विचारायचे नाही. खडा माघातल्या सामन्यासाठी अलिबागच्या मैदानावर पाठवायचा, की विलायतेच्या बोटीवर, एवढेच मला ठरवायचे आहे. मुंबईच्या क्लबकडे तक्रार जाणार की नाही, ते कृपया भोगीपर्यंत कळवावे.