निघायला हवं

लग्न झाल्यापासून आमच्या ह्यांनी घराबाहेर पडताना कधी 'येतो' म्हटलं नाही. 'निघायला हवं,' एवढंच म्हणतात. मला वाटायचं, माणूसच घुम्या. कारखान्यात लेथवर काम, भरघोस मिशा, सगळे 'पैलवान' म्हणतात. दारात थांबून गोड बोलणं कुठलं जमायला?

मग आमच्या धाकटीने सिनेमा काढायचं खूळ घेतलं. छोटासा, प्रयोगाचा, गोष्ट नसलेला. कारखान्यातल्या पुरुषांची नुसती तोंडं जवळून दाखवायची आणि प्रत्येकाने म्हणायचं, "मी घाबरतो."

"कशाला घाबरतो ते नको सांगायला?" मी विचारलं.

"नको," म्हणाली. घ्या.

बाकीचे हसत हसत म्हणून मोकळे झाले. ह्यांची पाळी आली. खुर्चीत चुळबुळ केली, मिशीवरून हात फिरवला आणि म्हणाले, "मी घाबरते."

मला वाटलं, जीभ घसरली. पण ह्यांचा चेहरा पांढराफटक. मी नणंदेला फोन लावला, तेव्हा कुठे कळलं. आई आणि बहिणींत वाढलेलं पोर, त्यांचं ऐकून जाते, खाते, येते असंच बोलायचं. वडील परगावी नोकरीला. सुटीवर आले की त्यापायी पट्टा काढायचे. म्हणजे इतकी वर्षं हा माणूस तोंडाशी आलेला शब्द तपासून बाहेर सोडत होता. माझा संताप झाला. माझ्यापाशीसुद्धा?

धाकटी म्हणाली, "बाबा, हेच ठेवू? तू नको म्हणालास तर पुसून टाकते."

हे उठले, पाणी प्यायले, नळ घट्ट केला, सैल केला, परत घट्ट केला. पुढचे दोन-तीन दिवस घरभर नुसत्या येरझाऱ्या. शेवटी म्हणाले, "राहू दे."

रविवारी कारखान्याच्या सभागृहात सिनेमा दाखवला. ह्यांचं तोंड पडद्यावर आलं आणि हशा पिकला. मागून कोणीतरी "पैलवानबाई" म्हणालं. हे शेवटपर्यंत बसून राहिले.

सोमवारी बूट घातले, काढले, पुन्हा घातले. मला बघवेना. "अहो, नसेल जायचं तर रजा टाका. जग काही बुडत नाही."

डबा उचलून दारापर्यंत गेले. थांबले.

"येते," म्हणाले.

ह्यांना मी आजवर 'या' म्हणत आले. आज ते अहोजाहो कुठच्या कुठे गेलं.

"ये," मी म्हटलं. "लवकर ये."