शालिककाकाचा मुका पिक्चर

चुन्याची बादली डोक्यात अडकलेला एक जाडा माणूस टीव्हीवर भिंतींना धडका देत फिरत होता... आणि इंझोरीच्या समाजमंदिरात, खिडक्यांना पोती लावून केलेल्या त्या उकडत्या अंधारात, सारी वस्ती ओरडत होती, "अबे, आवाज काहून नाही? वाढव ना!" जयंतीची दुपार, पोत्यांचा, विडीचा, घामाचा वास. व्हीसीआरवाला कपाळाला हात लावून सांगत होता, "बाप्पा, मुकाच पिक्चर हाये हा!"

तेवढ्यात मागून कुणीतरी एकटंच हसू लागलं. आमचा शालिककाका! तो जन्मापासून बहिरा, त्यामुळे बोलणंही नाही. एरवी पिक्चरला बसला की लोकांच्या तोंडांकडेच जास्त बघायचा. सगळे हसले की मग हा हसायचा. त्या दुपारी तो सगळ्यांच्या आधी हसला — घोगरं, ओबडधोबड, पोट धरून.

तिथून आमच्या घराला साडेसाती लागली. टेकावं तर खुर्ची मागे ओढलेली, झोपून उठावं तर वेणी बाजेच्या सुतळीला बांधलेली, दार ढकलावं तर वरून ज्वारीचं पीठ. जिणं नकोसं केलं त्यानं माझं! आई करवादायची, "ह्या भाऊजीनं लेकरायले येडं करून सोडलं!" आणि काकू, जिला तो प्रत्येक खोडी आधी हातवारे करून दाखवायचा, तोंडात पदर कोंबून मलाच समजवायची, "हासू दे वं बाई. त्याले आपल्या मनानं हासाले आजवर भेटलंच कुठं?"

काकू गेली, आणि काकानं खोड्या टाकल्या. आता मी वाशिमहून गावी जाते तेव्हा खुर्ची असते तिथेच असते. मोबाइलवर तसलेच मुके पिक्चर लावून देते. तो बघतो, मान हलवतो, मोबाइल परत करतो. अस्सा राग येतो!

परवा तर माझा धीरच सुटला. उडदाचं ताट घेऊन अंगणात मुद्दाम पाय घसरवला आणि धपकन पडले — पन्नाशीची बाई, दोन्ही पाय वर! काका धावत आला. हसला नाही. गुडघा दाबून दाबून पाहिला, हाड शाबूत असल्याची खात्री केली, खाली बघून चाल म्हणून बोट उगारलं, आणि वळून, उकिडवा बसून, सांडलेले उडीद वेचू लागला.

"काका, हास ना बाप्पा!" मी जिवाच्या आकांतानं ओरडले. त्याची पाठ माझ्याकडे होती.