पुलापासून तिसरं घर

मेव्हिस टॉफ्टला राहायला घर मिळालं ते एका खुनामुळे.

सत्तेचाळीस वर्षांपूर्वीची गोष्ट. तिचं आणि क्लिफर्डचं नुकतंच लग्न झालं होतं. तो बस चालवायचा, ती शाळेच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलायची, आणि दोघं सासूबाईंच्या माळ्यावरच्या खोलीत राहायची. त्या खोलीत क्लिफर्डला ताठ उभं राहता येत नसे. हॅगर्बी गावात नदीच्या पुलाला लागून घरांची जुनी रांग आहे, एकमेकांना चिकटलेली विटांची घरं. त्यातलं पुलापासून तिसरं घर दोन वर्षं रिकामं पडलं होतं. ते दाखवायला आलेला माणूस पायरीवरच घुटमळला.

"आधीच सांगून टाकतो. ह्या घराच्या स्वयंपाकघरात खून झालाय."

"कधी?" क्लिफर्डने विचारलं.

"अठराशे अकरा साली."

"मग मढं उचललं असेल की एव्हाना," क्लिफर्ड म्हणाला, आणि महिन्याभरात दोघं तिथे राहायला गेली.

मेव्हिसला तेव्हा कुठे माहीत होतं की त्या खुनाशी आपली आयुष्यभराची गाठ पडणार आहे. नोकरीतून मोकळी झाल्यावर सगळ्या बायका करतात तसं तिनेही विणकाम करून पाहिलं. एका हातमोज्याला सहा बोटं झाली, तेव्हा तिने सुया ठेवून दिल्या. मग वाचनालयातल्या बाई म्हणाल्या, "मेव्हिस, तुला गावातले सगळे खून पाठ आहेत. लोकांना फिरवून दाखवत का नाहीस?" पहिल्या गुरुवारी चार माणसं आली. त्यातला एक क्लिफर्ड होता, आणि एकजण पावसातून आडोशाला आला होता.

त्याला आता अकरा वर्षं झाली. गुरुवारी दुपारी दोन वाजता, लाल छत्री घेतलेली बुटकी, गुबगुबीत मेव्हिस पुढे आणि वीस-बावीस माणसं मागे, अशी वरात गावातून निघते. गावात तिला खूनफेरी म्हणतात. मासळीबाजारात जुन्या यादवीत एक राजाच्या बाजूचा आणि एक संसदेच्या बाजूचा अशा दोन सख्ख्या भावांनी एकमेकांना कसं संपवलं, हे मेव्हिस छत्रीने दोघांचे हातवारे करून दाखवते. पुलावर मेंढीचोराला मेल्यावरही पिंजऱ्यात टांगून ठेवलं होतं. "एकोणीस महिने," ती सांगते. "शेवटी चिमण्यांनी त्याच्या टोपीत घरटं केलं, म्हणून वसंत संपेपर्यंत उतरवता आलं नाही." लोक हसतात. ती स्वतःही हसते, आणि हसताना तिला दर वेळी नाक पुसावं लागतं.

पण फेरीचा शेवट तिच्या स्वतःच्या स्वयंपाकघरात. तिथे चहा मिळायचा, आणि तिथे ती हसत नसे.

बार्नबस क्रेक चरबीच्या मेणबत्त्या करायचा. त्याच्या बायकोने, सुझॅनाने, चरबी ढवळायच्या लोखंडी पळीने त्याला ठार मारलं. चुलीपुढची फरशी उचलून त्याला खाली पुरलं आणि तो हल नावाच्या बंदराला चरबी आणायला गेलाय असं सांगून त्याच चुलीवर आठ दिवस स्वयंपाक केला. घरातलं मांजर मात्र फरशी सोडीना, नखांनी खरवडत बसे. त्यावरून बिंग फुटलं. लिंकन शहरातल्या किल्ल्यावर सुझॅनाला फाशी दिली.

"कोर्टात चौदा शेजाऱ्यांनी साक्ष दिली," मेव्हिस हळू आवाजात सांगायची. "चौदाही जणांनी मांजर ऐकलं होतं. तीस वर्षांनी त्यातली एक म्हातारी मरणाच्या दारात पाद्र्याला काय म्हणाली, ठाऊक आहे? बार्नबस सुझॅनाला दर शनिवारी मारायचा, तेसुद्धा आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं. पण ते कोणी विचारलं नाही, आणि आम्ही सांगितलं नाही."

आणखी एक गोष्ट ती फेरीतल्या कोणाला सांगत नसे. रोज सकाळी चहाचं आधण ठेवताना चुलीकडे बघून ती म्हणायची, "गुड मॉर्निंग, सुझॅना." सत्तेचाळीस वर्षांत एक दिवस चुकला नव्हता. मूल झालं नाही तेव्हा, बहीण गेली तेव्हा, ती त्या चुलीपाशीच बसली होती. त्या घरात आपण एकट्या नाही, असं तिला वाटे.

ह्या सगळ्यावर नाराज असलेला एकच माणूस होता, शेजारचे मिस्टर प्लिमर. पुलापासून दुसरं घर त्यांचं. जन्मभर रेल्वेचे सिग्नल ओढलेले, वेळेचे कडक, आणि बायको हिल्डा गेल्यापासून जास्तच कडक. गुरुवारी दोन वाजता ते पडदा ओढून घ्यायचे. नगरपालिकेला त्यांनी नऊ पत्रं लिहिली होती.

"मिसेस टॉफ्ट," ते कुंपणावरून म्हणायचे, "तुमची मेलेली माणसं मला चालतात. जिवंत माणसं माझ्या गुलाबांवर रेलतात."

"मी सांगते हो त्यांना."

"गेली अकरा वर्षं सांगताय."

तर अशा ह्या मेव्हिसला गेल्या जूनमध्ये टपालाने एक पाकीट आलं. फेरीला येऊन गेलेल्या एका बाईंनी जुन्या नकाशाची प्रत पाठवली होती, १८०५ सालची. सोबत चिठ्ठी: तुम्हाला आवडेल म्हणून.

मेव्हिसला फार आवडला. चष्मा चढवून तिने नदी शोधली, पूल शोधला. कोर्टाच्या कागदात क्रेकचं घर 'पुलापासून तिसरं' असं लिहिलेलं होतं, ते तिला पाठच होतं. चमच्याच्या दांड्याने ती मोजायला लागली आणि मध्येच थांबली. पुन्हा मोजलं.

"क्लिफ, जरा इकडे ये. आपल्या रांगेत घरं किती?"

"सात."

"इथे आठ आहेत."

क्लिफर्डनेही मोजली. आठच होती. पुलाच्या अगदी टोकाला आणखी एक घर होतं. पुढे केव्हातरी पूल रुंद केला तेव्हा ते पाडलेलं असणार. आता तिथे एक बाक आहे आणि बदकं आहेत.

"म्हणजे तेव्हा आपलं घर चौथं होतं," मेव्हिस म्हणाली. "तिसरं प्लिमरांचं."

क्लिफर्ड म्हणाला, "आपण फसवून घेतलं म्हणायचं हे घर."

"थट्टा नको. सत्तेचाळीस वर्षं मी भलत्याच चुलीला गुड मॉर्निंग म्हणतेय."

"अगं, दोन्ही चुली पाठीला पाठ लावून आहेत. मध्ये एक भिंत. प्लिमरचा खोकला आपल्याला ऐकू येतो, मग तुझं तिला ऐकू गेलं नसेल?"

ती हसली नाही. गुरुवारच्या फेरीला बावीस नावं आली होती. नकाशा ड्रॉवरमध्ये टाकला तर जगात कोणाला काही कळणार नव्हतं. क्लिफर्डने तेही बोलून दाखवलं. "सांगितलंस तर प्लिमर दहावं पत्र लिहील. त्याच्या घरात तर तो तुला पाऊल टाकू देणार नाही. मग फेरी संपवणार कुठे? बदकांपाशी?"

मेव्हिसने दोन दिवस कशातच लक्ष घातलं नाही. सुझॅना गेलीच होती. आता फेरीही जाणार, की ड्रॉवर बंद ठेवून तीच गोष्ट तशीच सांगत राहायचं? तिने मनातल्या मनात सांगून पाहिली. मांजरापर्यंत ठीक चाललं. चौदा शेजाऱ्यांपाशी आली आणि तिला स्वतःचीच लाज वाटली. ते चौदाजण खोटं कुठे बोलले होते? नुसते गप्प तर बसले होते.

मंगळवारी तिने लिंबाचा केक केला आणि नकाशा घेऊन शेजारचं दार वाजवलं.

मिस्टर प्लिमरांनी नकाशा टेबलावर पसरला. पेन्सिलीच्या टोकाने घरं मोजली, एकदा डावीकडून आणि एकदा उजवीकडून. मग ते आपल्या चुलीकडे बघत राहिले. चुलीपुढे हिल्डाची नेच्याची मोठी कुंडी होती.

"म्हणजे माणूस माझ्या घरात मेला."

"हो."

"आणि खून झाला म्हणून दोन वर्षं पडून राहिलेलं घर मिळालं तुम्हाला."

"हो."

"मी तीस वर्षांपूर्वी घेतलं तेव्हा तो माणूस काय म्हणाला माहितीये? रांगेतलं सगळ्यात शांत घर!"

"मिस्टर प्लिमर, मला फार वाईट वाटतंय. तुम्ही म्हणाल तर मी फेरी बंद करते."

ते दार उघडून उभे राहिले. ती बाहेर पडली तेव्हा मागून आवाज आला, "केक राहू द्या."

बुधवारी दिवसभर भिंतीपलीकडून काहीतरी जड सरकवल्याचे आवाज येत होते.

"सामान बांधतोय बहुतेक," क्लिफर्ड म्हणाला.

"तू गप्प बैस."

गुरुवारी ऊन पडलं होतं. मासळीबाजारात भाऊ मेले, पुलावर चिमण्यांनी घरटं केलं, लोक पोट धरून हसले. बदकांच्या बाकापाशी तिने सगळ्यांना थांबवलं.

"पुढची गोष्ट मी अकरा वर्षं चुकीच्या घरात सांगितली," ती म्हणाली, आणि छत्रीचं टोक जमिनीवर टेकवलं. "एक घर इथे होतं. ते मोजायचं राहून गेलं. चला, आता माझ्याबरोबर मोजा."

बावीसजणांनी मोठ्याने मोजलं. "एक!" म्हणताना बाकावरची बदकं उडाली. "दोन!" "तीन!"

तीन म्हणायला आणि दार उघडायला एकच गाठ पडली. दारात मिस्टर प्लिमर उभे होते. अंगात कोट, गळ्यात अंत्ययात्रेला घालायचा काळा टाय, हातात घड्याळ.

"चार मिनिटं उशीर झालाय," ते म्हणाले. "पाय पुसून आत या. गुलाबाला जो हात लावील त्याला चहा नाही."

आत टेबलावर चॅपेलमधून आणलेले पंचवीस कप रांगेत मांडलेले. कपाट भिंतीपासून हलवलेलं, नेच्याची कुंडी खिडकीत. चुलीपुढची फरशी घासून लख्ख केली होती, आणि सगळ्या काळ्या दगडांत मधोमध एकच दगड पिवळसर होता, मागाहून बसवल्यासारखा.

"हलतो तो," मिस्टर प्लिमर घसा साफ करून म्हणाले. "हिल्डा म्हणायची, ह्याच्याखाली काहीतरी आहे. मी म्हणायचो, काही नाही, कुंडी ठेव वर."

मेव्हिस त्या दगडापाशी उभी राहिली. तिने गोष्ट सांगितली. पळी, हल बंदर, मांजर, चौदा शेजारी. शेवटाला आली तेव्हा खोलीत कपसुद्धा वाजला नाही.

मग एका बाईने मिस्टर प्लिमरांना विचारलं, "अहो, तुम्हाला भीती नाही वाटत इथे?"

"तीस वर्षं नाही वाटली. मंगळवारपासून वाटतेय." त्यांनी जरा विचार केला. "बरं वाटतंय. संध्याकाळ पटकन जाते."

सगळं घर हसायला लागलं, आणि मेव्हिसला नाक पुसायला रुमाल सापडेना. मिस्टर प्लिमरांनी आपला दिला. इस्त्री केलेला होता.

शुक्रवारी सकाळी तिने चहाचं आधण ठेवलं. सवयीने चुलीकडे वळली, तोंड उघडलं आणि मिटलं. आता काय म्हणायचं आणि कोणाला? ती तशीच किटली धरून उभी राहिली.

भिंतीपलीकडे कोणीतरी खोकलं. घसा साफ केला. आणि स्टेशनवर गाडीची घोषणा करावी तसा अवघडलेला आवाज आला, "गुड मॉर्निंग, सुझॅना."

मेव्हिसने किटली खाली ठेवली.

"आणि मिसेस टॉफ्ट," आवाज थोडा चढला, "हिल्डाला आणि मला इतकी वर्षं वाटायचं, तुम्ही क्लिफर्डला लाडाने सुझॅना म्हणता!"

मेव्हिसने चमच्याने भिंतीवर तीनदा ठोकलं. एवढी हसत होती की उत्तर देणं तिला शक्यच नव्हतं. वरून क्लिफर्ड ओरडला, "काय झालं गं?"