एकदा दाबला तर थांब

रऊफ सरांनी माझं तोंड पहिल्यांदा कधी पाहिलं ते त्यांनाच ठाऊक. माझे पाय मात्र त्यांनी पहिल्याच दिवशी पाहिले. रिठदच्या शाळेच्या मैदानावर आम्ही पंधरा-सोळा मुली ओळीने उभ्या होतो आणि हा उंच, किंचित लंगडणारा माणूस खाली मान घालून, आमचे पाय बघत, या टोकापासून त्या टोकापर्यंत गेला. नाव नाही, गाव नाही, काही नाही. माझ्यापुढे येऊन थांबला.

"तू डाव्या कोपऱ्यात."

"पण सर, मला चढाई करायचीय," मी म्हटलं.

"सगळ्यायलेच चढाई कराची हाय! मंग घर कोन सांभाळीन?"

झालं, माझं कबड्डीचं भवितव्य ठरलं. मला इतका राग आला होता की घरी येऊन मी जेवले नाही. आईने विचारलंही नाही, कारण त्या दिवशी वांग्यांची तोडणी होती.

माणसं ओळखायची सरांची रीतच ती होती. "तोंड खोटं बोलते बाप्पा, पाय नाई बोलत," असं ते म्हणायचे. चढाई करणारी डोळ्यांनी उजवीकडे बघेल, हात उजवीकडे टाकेल, पण जायचं असेल डावीकडे तर तिची टाच आधी सांगते, असं त्यांचं शास्त्र. हे शास्त्र ते मैदानाबाहेरही वापरत, ही खरी पंचाईत होती. एकदा मुख्याध्यापक म्हणाले, "मी काही रागावलेलो नाही." सर शांतपणे म्हणाले, "मंग चपलेत अंगठा काहून दाबून राह्यले, साहेब?" त्या महिन्यात आमचा चेंडू-दोरीचा खर्च मंजूर झाला नाही.

सर रिठदचेच. बाजारात त्यांच्या वडिलांचं गाद्या भरायचं दुकान होतं. तिथून हा मुलगा निघाला आणि थेट व्यावसायिक लीगमध्ये दक्षिणेकडच्या एका संघात जाऊन बसला. बसला हे मी मुद्दाम म्हणते, कारण पहिले दोन हंगाम ते बाकावरच होते. ग्रामपंचायतीसमोर टीव्ही मांडून सारं गाव सामना बघायचं आणि कॅमेरा जरा बाकाकडे वळला की ओरडायचं, "तो पाहा, टॉवेल घेऊन बसला!" तिसऱ्या हंगामात एकदाचे ते उतरले. एका नावाजलेल्या चढाईपटूचा घोटा त्यांनी असा धरला की तो गडी जागेवरच आडवा झाला. पण टीव्हीवाले पुन्हापुन्हा दाखवत होते तो पडलेला गडी! आमच्या माणसाचे फक्त दोन हात पडद्यावर आले. तरी त्यांच्या अम्मीने ते ओळखले. "अल्ला, हे तर माह्या रऊफचे हात!" म्हणून त्या उठून उभ्या राहिल्या. त्याच हंगामात त्यांचा गुडघा गेला आणि ते गावी परत आले.

याबद्दल त्यांना कधी रडगाणं गाताना मी ऐकलं नाही. "पकडणाऱ्याचं नाव कोनी घेत नाई, लेकींनो. पन तो नसला तर हरल्यावर सगळ्यायले त्याचीच याद येते," एवढंच म्हणायचे आणि हसायचे. वडिलांच्या दुकानातल्या जुन्या गाद्या त्यांनी मैदानावर आणून टाकल्या. आम्ही त्यांवर सूर मारायला शिकलो. घरी जाताना आमच्या वेण्यांत एवढा कापूस असायचा की आई म्हणायची, "पोट्टी खेळून आली का कापूस वेचून?"

आता आमच्या घरची गोष्ट सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. माझे बाबा आणि त्यांचे थोरले भाऊ, म्हणजे माझे मोठे बाबा, यांचा भाजीचा मळा एकाला एक लागून आणि विहीर एकच. मोटर कोणी कधी लावायची याची पाळी ठरलेली. एका उन्हाळ्यात बाबांनी पाळी सोडून मोटर चालवली आणि मोठ्या बाबांचा कोथिंबिरीचा वाफा वाळला. त्या कोथिंबिरीपायी दोन सख्खे भाऊ चार वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत. निरोप द्यायचाच झाला तर बाबा म्हशीला सांगायचे, "मोटर बंद कर म्हना त्याईले." पलीकडून मोठे बाबा बैलाला सांगायचे, "आपली पाळी हाय म्हना अजून." जनावरं बिचारी दोन्हीकडचं ऐकून घ्यायची.

मोठ्या बाबांची वैशाली माझ्याच वर्गात. लहानपणी आम्ही एका ताटात जेवलेल्या. आता बाकही वेगळा. आणि सरांनी तिला उभं केलं ते नेमकं माझ्या शेजारी! कबड्डीत कोपऱ्यातलीने शेजारणीचा हात धरायचा असतो. साखळीच म्हणतात तिला. एक घोट्यावर झेपावते, दुसरी मागोमाग कमरेला भिडते.

"सर, आम्ही बोलत नाही," मी सांगितलं.

"मी कुठं बोलाले सांगतलं? हात धरा फक्त."

"आईनं शपथ घातलीय, हात लावायचा नाही म्हणून."

त्यावर आम्ही दोघींनी शोधलेला तोडगा आठवला की आजही हसू येतं. हाताला हात लागायला नको, म्हणून आम्ही एका रुमालाची दोन टोकं धरून उभ्या राहायचो. रिसोडच्या पहिल्याच सामन्यात समोरची मुलगी सरळ आमच्या मधून घुसली आणि रुमाल गळ्यात घेऊन पलीकडे गेली. पंचांनी शिट्टी वाजवली. "हे काय आहे?" असं त्यांनी विचारलं आणि प्रेक्षकांत जी हशाची लाट उसळली, ती आम्ही सामना हरेपर्यंत ओसरली नाही. सरांनी तो रुमाल उचलला, त्याने घाम पुसला आणि खिशात घातला. "हा आता माह्यापाशी राहीन," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी आम्हाला हातांची भाषा शिकवली. कोपऱ्यातलीने शेजारणीचा हात एकदा दाबला तर थांब, दोनदा दाबला तर चल. तोंडाने बोललं तर चढाईवालीला कळतं. हाताचं फक्त दोघींना. मी वैशालीचा हात धरला. मळ्याला पाणी धरून धरून तिचा तळवा माझ्यासारखाच खरखरीत झाला होता. खरं सांगते, मला रडू आलं. ती पलीकडे बघत होती, पण तिने हात सोडला नाही. महिनाभरात आम्ही घरात शत्रू आणि मैदानावर एक जीव झालो. तालुका जिंकला, जिल्हा जिंकला.

आणि तिथेच घोटाळा झाला. पेपरात फोटो आला. त्यात मी आणि वैशाली, हातात हात! बाबांनी तो कटिंगच्या दुकानात पाहिला आणि अर्धी दाढी तशीच ठेवून घरी आले. "त्या घरच्या पोरीचा हात? उद्यापासून खेळ बंद." तिकडे मोठ्या बाबांनीही वैशालीला तेच ऐकवलं. अमरावतीच्या विभागीय सामन्यांना आठ दिवस होते. मला दुसरं काही येत नव्हतं हो! अभ्यासात मी जेमतेम. त्या कोपऱ्यात उभी राहिले की मी कुणीतरी असायची, आणि वैशाली परत माझी असायची. दोन्ही एकदमच जाणार होतं.

सर घरी आले. बाबा म्हणाले, "तिची जागा बदला, मंग पाठवतो."

"जागा बदलता येते, पंढरीभाऊ. जोडी नाई बदलता येत."

"मंग राहू द्या."

सर बराच वेळ बाबांच्या पायांकडे बघत बसले. मग चहा संपवून म्हणाले, "बरं, नका पाठवू. पन एक काम करा. बाकीच्या पोरींले घोट्याची पकड जमून नाई राह्यली. रविवारी सकाळी येऊन दाखवा. तुमच्यावानी पकड अख्ख्या तालुक्यात नव्हती." बाबांची मान आपोआप ताठ झाली. स्तुतीला ते पहिल्यापासून कच्चे. पुढे कळलं की सर तिथून उठून मोठ्या बाबांकडे गेले होते आणि शब्दाला शब्द तेच बोलले होते.

रविवारी मैदानाच्या एका दारातून बाबा आले आणि दुसऱ्या दारातून मोठे बाबा. एकमेकांना पाहून दोघेही परत फिरणार, तेवढ्यात सर मोठ्याने म्हणाले, "पोरींनो, मी दहा वर्षांचा होतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, कराले, सामने असायचे. डाव्या कोपऱ्यात पंढरीभाऊ, शेजारी त्यायचे मोठे भाऊ, नामाभाऊ. मी झाडावर बसून पाह्यचो. लीगमधी मी जे खेळलो ना, ते या दोघायचं चोरलेलं हाय." हे आम्हाला कुणीच कधी सांगितलं नव्हतं.

मग सरांनी पॅन्ट दुमडली. "चला, मी चढाई करतो. एकदाच."

बाबा कोपऱ्यात जाऊन उभे राहिले, मोठे बाबा शेजारी. मधे दोन हात अंतर, तोंडं दोन दिशांना. सर 'कबड्डी कबड्डी' करत, तो मोडका गुडघा ओढत, थेट कोपऱ्यावर चालून गेले. आणि माझ्या डोळ्यांदेखत बाबांचा हात बाजूला गेला. बघितलंही नाही त्यांनी. तिकडून मोठ्या बाबांचा हात आला. मी बाबांच्या बोटांकडेच बघत होते. दोनदा दाबला! पुढच्या क्षणी बाबा घोट्यावर, मोठे बाबा कमरेवर आणि तिघेही गाद्यांवर. कापूस उडाला नुसता.

ढिगाऱ्यातून बाबांचा आवाज आला, "दादा, लागलं का?"

चार वर्षांनी, मधे म्हैस न घालता.

"नाई रे," मोठे बाबा धापा टाकत म्हणाले, "तुह्या पोटाचंच वजन झालं थोडं."

"अबे, माह्या गुडघ्याचं इचारा ना कोनी!" खालून सर ओरडले.

आम्ही मुली हसून हसून खाली बसलो. वैशाली हसता हसता रडायला लागली आणि मी तिला धरून बसले. दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा मला एवढंच म्हणाले, "अमरावतीले जाताना दोघी एकाच सीटवर बसजा." अमरावतीला आम्ही एका गुणाने हरलो. सरांनी आमचे पाय बघितले आणि म्हणाले, "हरलेले पाय नाई हे." मग सगळ्यांना उसाचा रस पाजला.

प्रत्येक सामन्याआधी सर प्रत्येकीचा हात हातात घेऊन दोनदा दाबायचे. भाषण नाही की काही नाही. दोन वर्षांनी त्यांना नागपूरच्या एका क्रीडा प्रबोधिनीत प्रशिक्षकाची नोकरी लागली. स्टँडवर सारा संघ आला होता. बाबा आणि मोठे बाबा कोथिंबिरीची एकच जुडी घेऊन आले होते आणि ती कोणी द्यायची यावर त्यांचं पुन्हा वाजत होतं. एस.टी.त बसायच्या आधी सर ओळीने प्रत्येकीपुढे थांबले. माझ्यापुढे आले तेव्हा पहिल्यांदाच त्यांनी पायांकडे न बघता तोंडाकडे बघितलं.

"सर, तुमच्यानंतर आमचं कसं व्हायचं?" मला विचारायचं होतं. आता मी धनजच्या शाळेत मुलींना पकड शिकवते, तेव्हा कळतं की तो प्रश्नच चुकीचा होता. पण त्या दिवशी मी त्यांचा हात घट्ट धरला आणि एकदाच दाबला.

सर हसले. त्यांनी दोनदा दाबला आणि गाडीत चढले.