जिवंत डोंगराचा नारळ

कळसूबाई पायांनी, गुरुशिखर पायऱ्यांनी आणि दोड्डबेट्टा चक्क गाडीने. देशातली उंच ठिकाणं गाठायच्या माझ्या या खुळात बाबा कधी सामील झाले नाहीत. पण अंदमानजवळच्या बॅरन बेटाचं, आपल्या एकमेव जिवंत ज्वालामुखीचं नाव काढलं आणि अठ्ठ्याहत्तर वर्षांचे बाबा झोपाळ्यावर ताठ बसले. "मी येणार. शब्द दिलाय मी तेला."

तरुणपणी बाबा मालवाहू बोटीवर खलाशी होते. त्या बेटाजवळ इंजिन बंद पडून बोट दोन दिवस भरकटली. आमच्याकडे प्रत्येक जागेला तिची राखण करणारा देव, राखणदार असतो. अडचणीत त्यालाच हाक मारायची. बाबा त्या काळ्या डोंगराला नवस बोलले, 'घर दिसलं तर माझ्या वाडीतला नारळ आणून देईन.' घर दिसलं, नारळ मात्र राहिला. पुढे तो झोपलेला डोंगर जागा झाल्याची बातमी आली, तेव्हा बाबा दिवसभर जेवले नाहीत. "माझ्यामुळं उठला तो," म्हणाले.

आमच्या हातखंब्याहून बसने मुंबई, तिथून विमानाने पोर्ट ब्लेअर. जाणाऱ्यांनी एक लक्षात ठेवा, पिशवीत नारळ नेऊ नका. आमचा विमानतळावर तपासणीतच काढून घेतला. पोर्ट ब्लेअरच्या बाजारात मी दुसरा घेऊ लागले, तर बाबा म्हणाले, "परक्याचा कशाला? तेला कळंल."

बेटाकडे जाणारी बोट रोज नसते, हवामान बघून सुटते, तेव्हा दोन दिवस हाताशी ठेवा. तिकीट महाग आहे. डबा बरोबर घ्या, पण निम्मी मंडळी उलट्याच करतात. बेटावर उतरू देत नाहीत, लांबूनच फेरी मारतात.

पहाटे निघालो. कित्येक तास नुसतं निळं पाणी. मला डुलकी लागली, आणि डोळे उघडले तेव्हा तो समोर होता. काळ्या राखेचे उतार थेट समुद्रात उतरलेले, माथ्यावर धुराची बारीक रेघ. किती वेळ मी बघत राहिले कोण जाणे. सगळं स्वप्नातल्यासारखं वाटत होतं. शेजारी बाबा चप्पल काढून उभे होते. हात जोडून त्यांनी देवापुढे घालतात तसं गाऱ्हाणं घातलं.

"बा राखणदारा, उशीर झाला. नारळ आणला होता, वाटेत गेला. लेकराची चूक पोटात घाल..."

पुढचं इंजिनच्या आवाजात मला ऐकू आलं नाही. पण गाऱ्हाण्याला कुणीतरी होकाराचा हुंकार द्यावाच लागतो, आणि तिथं आमचं असं मीच होते.

"व्हय महाराजा!" मी मोठ्याने म्हटलं.

घरी आल्यावर दुसऱ्याच दिवशी बाबांनी कोंब फुटलेला नारळ वाडीच्या कडेला लावला. "हा तेचा माड."

"बाबा, फळ धरायला सहा-सात वर्षं लागतील."

"लागूदेत. मी सांगून आलोय तेला, आता नारळ माझी लेक आणील."

"मला न विचारताच?"

बाबांनी माती दाबत माझ्याकडे बघितलं. "व्हय महाराजा कोण म्हणालं मग?"

रोज संध्याकाळी त्या रोपाला मीच पाणी घालते.