त्या व्हिडिओत माहा शर्ट

गाववाल्यांनो, आपल्या परतवाड्याच्या गाणाऱ्या शाहीनताईचा व्हिडिओ तुमी पाहिलाच असन. नवऱ्याशी भांडून ती अंगणात रडून राहिली, तोच.

मी इकडे सुरतेत कामाले. आज जेवणाच्या सुट्टीत कंपनीतले पोरं तो पाहून हसत होते. "तुह्या गावची ना बे ही?" म्हणून मलेही दाखवला. व्हिडिओच्या कोपऱ्यात दोरीवर निळा शर्ट वाळत होता. माहाच, मागच्या सुट्टीत घरी राहिलेला. म्हणजे व्हिडिओ तिच्या अंगणाशेजारच्या आमच्याच गच्चीवरून काढला होता!

लहान्या भावाले, नितीनले, फोन लावला.

"काहून काढला बे?"

"दादा, सारे पाहून राहिले! कापसाले भाव नाही, माहं चॅनल तरी चालू दे."

"ईदले तिच्याच घरी शीरखुर्मा खातो ना?"

"ती सोताच रोज व्हिडिओ टाकते."

"गाण्याचे टाकते. रडण्याचे नाही. काढून टाक आधी!"

काढून टाकला त्यानं. पण तोवर तो गावभर पसरला होता.

आत्ताच ताईचा मेसेज आला, "भाऊ, तुमच्या गच्चीवर कोण होतं?"

ताई, व्हिडिओ सगळ्यायसमोर गेला, तर उत्तरही सगळ्यायसमोर देतो. आमचा नितीन होता.

आन बाकीच्यायनो, तुमच्या फोनात अजून हाये का तो?